रावणाच्या बाजूने कैलास

वेरूळच्या १६ व्या लेण्यात, दक्षिणेच्या अंगाला, कैलास हलवणाऱ्या रावणाचं शिल्प आहे. बघणाऱ्याची नजर आधी वर बसलेल्या शिवपार्वतीकडे जाते. माझ्या प्रायोगिक लघुपटाचा कॅमेरा मात्र खाली, रावणापाशी सुरू होतो. रावण इतका खोल कोरलाय, की त्याच्या हातांचं चक्र भिंतीतून सुटून आल्यासारखं वाटतं.

कॅमेऱ्याची ही जागा मला मेक्सिकोतल्या एका शिळेने दाखवली. १९७८ मध्ये मेक्सिको सिटीत वीज कंपनीच्या कामगारांना खोदताना सव्वातीन मीटर व्यासाची गोल शिळा लागली. तिच्यावर अ‍ॅझ्टेकांची देवी कोयोल्शाउकी कोरलेली आहे. शिर धडावेगळं, हातपाय तुटलेले. आईला मारायला ती कोआतेपेक डोंगरावर चाल करून गेली. तिथंच जन्मलेल्या वित्सिलोपोच्त्लीने, तिच्या भावाने, तिचे तुकडे करून तिला खाली लोटलं. ही शिळा त्याच्या मंदिराच्या पायऱ्यांच्या तळाशी होती. मंदिर हाच तो डोंगर! पायऱ्या चढणारा थेट कथेतूनच वर जात असे.

आपल्याकडे तेच आहे. आठव्या शतकात, राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण याच्या काळात, काळा पाषाण वरून खाली कोरत आणून जे मंदिर घडवलं, तेच कैलास पर्वत आहे. म्हणजे रावण नुसता शिल्पातला पर्वत हलवत नाही, माथ्यावरचं अख्खं मंदिर त्याने पेललंय. फोटोची चौकट शिल्पाच्या कडेशी संपते आणि हे नातं तुटतं.

म्हणून मुख्य दृश्यात मी कट घेत नाही. ट्रायपॉडला पुरातत्त्व खात्याची परवानगी लागते, त्यामुळे कॅमेरा हातातच. रावणाच्या हातांवरून तो सावकाश वर चढतो. शिवाला बिलगलेली पार्वती, घाबरून पळणारी दासी, मग पर्वत दाबून धरणारा शिवाचा पाय, वरची भिंत आणि शेवटी आभाळ. भीती आधी, अभय नंतर. निवेदन नाही, संगीत नाही. फक्त पाथरवटाच्या छिन्नीचे घाव, तेही पाय दिसेपर्यंतच.

पुराणकथेवर फिल्म करायची, तर गोष्ट ठाऊक असणं पुरत नाही. ती कुठे कोरली आहे आणि बघणारा कुठे उभा आहे, हे आधी ठरवावं लागतं. संभाजीनगरच्या फिल्म शिकणाऱ्या मुलांना ही शाळा तीस किलोमीटरवर आहे. मंगळवारी लेणी बंद असतात. बाकी कधीही जा, पण पटकथा लिहायच्या आधी जा.