न आठवणारी आई

मागच्या दिवाळीच्या सुट्टीत मी आईसमोर मोबाईलचा कॅमेरा धरला आणि तिला तिच्या माहेरच्या गावाविषयी विचारले. कोयना धरणाच्या पाण्याखाली ते गाव गेले तेव्हा ती आठ-नऊ वर्षांची होती. घर कसे होते, सामान कशातून नेले, निघताना कोण रडले, अशा प्रत्येक प्रश्नावर तिचे एकच उत्तर होते : "नाही रे आठवत." चाळीस मिनिटांनी मी वैतागून कॅमेरा बंद केला.

त्यानंतर रिआ ताजिरी ह्या जपानी-अमेरिकन दिग्दर्शिकेचा 'हिस्टरी अँड मेमरी' (१९९१) हा ३२ मिनिटांचा माहितीपट पुन्हा पाहिला. १९४२ साली राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट ह्यांच्या आदेशानंतर पश्चिम किनाऱ्यावरील सुमारे १,२०,००० जपानी वंशाच्या माणसांना छावण्यांत डांबण्यात आले. त्यांतील सुमारे दोन-तृतीयांश अमेरिकेचेच नागरिक होते. ताजिरीची आई अ‍ॅरिझोनाच्या वाळवंटातील पोस्टन छावणीत होती. पण तिलाही त्या दिवसांतले फारसे काही आठवत नाही. मग चित्रपट कशाचा करायचा?

ताजिरी तो विसरण्याचाच करते. काळ्या पडद्यावरून मजकूर सरकतो, प्रचारपटांचे आणि हॉलिवूडपटांचे तुकडे येतात. 'बॅड डे अ‍ॅट ब्लॅक रॉक' (१९५५) ह्या चित्रपटाची कथा ज्याच्या खुनाभोवती फिरते, तो जपानी शेतकरी कोमोको पडद्यावर एकदाही दिसत नाही. त्या अनुपस्थितीशेजारी ताजिरी आपल्या घरातली अनुपस्थिती ठेवते. ह्या सगळ्यांतून एक दृश्य पुन्हा पुन्हा येते : वाळवंटात एक तरुण स्त्री नळावर पाणी भरते आहे. ही प्रतिमा मुलीच्या मनात फार पूर्वीपासून आहे, पण तिच्यामागची गोष्ट तिला कोणी सांगितलेली नाही. अखेर ती स्वतःच आईच्या जागी उभी राहून ते दृश्य घडवते.

वर्गात ह्या चित्रपटाविषयी बोलताना मी 'पुनर्रचना' असा शब्द वापरून मोकळा होत असे. ह्या वेळी अडखळलो. पुराव्याच्या जागी कल्पना ठेवणे ही बनावट नव्हे काय? परंतु ताजिरी आपली कल्पना पुरावा म्हणून पुढे करत नाही. आईच्या विस्मरणाला ती क्षमा करते आणि तिच्यासाठी एक चित्र तयार करते. मी मात्र आईची उलटतपासणी घेतली होती.

परवा ते चित्रण पुन्हा लावले. "नाही रे आठवत" म्हणताना दर वेळी आईचा उजवा हात डोक्याकडे जातो. वर ठेवलेले काहीतरी सावरावे तसा. घागर असेल, बोचके असेल, किंवा नुसती सवय. तिलाही सांगता येणार नाही. त्या दिवशी समोर बसून मला तो हात दिसलाच नव्हता, कारण मी उत्तराची वाट पाहत होतो.

आता घरी जाईन तेव्हा कॅमेरा नेईन. प्रश्न मात्र नेणार नाही.