दावा मागे घेण्याआधी एक ओळ वाचा

"गावात राहायचंय ना? मग केस मागे घे." वस्तीत काम करणाऱ्या प्रत्येक कार्यकर्त्याने हे वाक्य ऐकलेलं असतं. या दबावाबद्दल आपण बोलतो, निवेदनं देतो. पण दावा मागे घेण्याचा कागद कसा लिहिला जातो, याकडे आपलं लक्ष नसतं. वाट्याला आलेल्या जमिनी अनेकदा त्या कागदावरच जातात.

मी काम करतो त्या तालुक्यातल्या एका कुटुंबाची गोष्ट सांगतो. शेजाऱ्याने बांध कोरून त्यांची काही गुंठे जमीन दाबली. मोजणी झाली, दिवाणी दावा लागला, पाच वर्षं तारखा झाल्या. मग गावातली मोठी माणसं मध्ये पडली. "पीक निघालं की जमीन सोडतो, तुम्ही केस काढा." घरच्या मावशींनी पुरसिसवर अंगठा दिला. पुरसिसवर एवढंच होतं: वादीस दावा पुढे चालवायचा नाही. पीक निघालं, पण जमीन सुटली नाही. दुसरा दावा लावला, तेव्हा समोरच्या वकिलाने जुनी पुरसिस दाखवली आणि दावा तिथेच संपला. मावशी मला म्हणाल्या, "जमीन कुणाची हे जज साहेबांनी सांगितलंच नाही. मग मी हरले कशी?"

त्यांचा प्रश्न बरोबर होता. निकाल लागलाच नव्हता. एकदा निकाली निघालेला मुद्दा पुन्हा उकरता येत नाही, हा दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 11 चा नियम वेगळा. मावशींना आडवा आला तो आदेश 23, नियम 1. वादीला दावा कधीही सोडता येतो. पण नवा दावा लावण्याची परवानगी न घेता सोडला, तर त्याच विषयावर पुन्हा दावा लावता येत नाही. म्हणजे न्याय झाला नाही, तरी दार बंद.

ही परवानगी मागितली की मिळतेच असं नाही. दाव्यात काही तांत्रिक दोष असावा किंवा तसं पुरेसं कारण असावं आणि ते कोर्टाला पटावं लागतं. म्हणून कारण अर्जातच लिहायचं. परवानगी मिळणार नसेल तर दावा पुढे चालवायचा आहे, हेही त्याच अर्जात लिहायचं. हुकूम झाल्यावर नक्कल काढून त्यात परवानगीचे शब्द आहेत का ते बघायचं. वकिलांनी तोंडी सांगितलं यावर थांबायचं नाही.

परवानगी मिळाली तरी मुदतीचा घोर असतोच. नियम 2 प्रमाणे, पहिला दावा जणू लावलाच नव्हता असं धरून मुदत मोजतात. मालकीच्या आधारे कब्जा मागायला 12 वर्षांची मुदत असते. समजा, 2011 मध्ये जमीन बळकावली, 2014 मध्ये दावा लावला आणि 2024 मध्ये परवानगीने मागे घेतला. 12 वर्षं 2023 मध्येच संपलेली असतात. पहिलं कोर्ट अधिकारक्षेत्राबाहेरचं होतं अशा कारणाने परवानगी मिळाली असेल, तर मुदत कायद्याच्या कलम 14 मध्ये सवलत आहे. एरवी ती परवानगी कागदावरच राहते.

समेट खरंच झाला असेल तर दावा मागे घेऊच नका. आदेश 23 च्या नियम 3 प्रमाणे लेखी, सह्यांची तडजोड कोर्टात दाखल करा आणि त्यावर हुकूमनामा घ्या. समोरच्याने शब्द फिरवला तर त्याची अंमलबजावणी मागता येते. पुरसिसमध्ये आपल्या हातात काहीच येत नाही. ज्याला मनापासून समेट करायचा आहे, तो सही करायला कचरणार नाही. "सही कशाला, माणसाचा शब्द आहे," असं ऐकू आलं की समजून घ्या.

आणखी दोन गोष्टी. वादी अनेक असतील तर एका भावाला फोडून सगळा दावा काढता येत नाही. इतरांची संमती लागते. आणि जुना दावा सोडला म्हणून पुढच्या प्रत्येक अतिक्रमणाला मोकळीक मिळत नाही. नवं कारण घडलं तर नवा दावा लावता येतो. दिवाणी दावा काढला म्हणून ॲट्रॉसिटीचा गुन्हाही आपोआप मिटत नाही.

महाडचा दावा आठवा. चवदार तळ्यासाठी सवर्णांनी कोर्टात जाऊन 14 डिसेंबर 1927 रोजी तात्पुरता मनाई हुकूम मिळवला. बाबासाहेब त्यात प्रतिवादी होते. त्यांनी हुकूम पाळला, पण दावा शेवटपर्यंत लढवला. 17 मार्च 1937 रोजी मुंबई उच्च न्यायालयाचा निकाल आपल्या बाजूने लागला. दहा वर्षं लागली, पण हक्क निकालपत्रात आला. गावच्या बैठकीत मिटवला असता तर तो पुढच्या बैठकीपर्यंतच टिकला असता.

शेवटपर्यंत लढा असं सांगणं सोपं आहे, हे मला कळतं. मजुरी बुडवून तारखेला जाणारी माणसं थकतात, घाबरतात. म्हणून त्यांना एकटं सोडू नका. विधी सेवा प्राधिकरण कायदा, 1987 च्या कलम 12 प्रमाणे अनुसूचित जाती-जमातींना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. बौद्ध बांधवांनी जातीचा दाखला सोबत ठेवावा. तालुक्याच्या कोर्टात विधी सेवा समितीकडे अर्ज करता येतो.

प्रत्येक वस्तीत एका तरी शिकलेल्या मुलाने किंवा मुलीने ही जबाबदारी घ्यावी: आपल्या माणसाची सही किंवा अंगठा होण्याआधी तो कागद त्याला मोठ्याने वाचून दाखवायचा. "शिका" याचा अर्थ एवढाही आहे.

जय भीम!