गेम बार उघडेना
(रोजनिशीतील पाने)

25 ऑक्टोबर 2025, शनिवार

दिवाळीनंतर आज क्लास उघडला. कुलूप काढायच्या आधीच नववीतला एक पोरगा पायरीवर बसून होता, शेजारी मोटारसायकल लावून उभे असलेले वडील आणि गोणपाटात गुंडाळलेला सीपीयू. गाव मांजराकाठचं, कळंबपासून जवळच. "मॅडम, गेम बार उघडंना," एवढंच म्हणाला. वडिलांचा चेहरा बघण्यासारखा झाला. गेमसाठी आपल्याला एवढ्या सकाळी आणलं, हे त्यांना तिथंच कळलं असावं.

पण पोरगा गेम खेळायला नव्हे, दाखवायला आला होता. गेम त्यानं स्वतः केलाय, गोडो नावाच्या फुकट सॉफ्टवेअरमध्ये. ते इन्स्टॉल करावं लागत नाही, फाइल उघडली की चालू. गेम नळदुर्गच्या पाणीमहालाचा. शाळेच्या सहलीत त्यानं तो पाहिला होता. बोरी नदीला आडवा घातलेला बंधारा, बंधाऱ्याच्या पोटात महाल, आणि पावसाळ्यात नर-मादी धबधबे कोसळताना आतल्या खिडकीशी उभं राहून पाहायचं. गेममध्ये पाणी पायरी पायरीनं चढतं आणि खेळणाऱ्यानं त्याच्या आधी वर पोचायचं. यंदा सप्टेंबरात आमच्या जिल्ह्यात पावसानं जे केलं ते डोळ्यांनी पाहिलेल्या पोराला पाणी कसं चढतं हे कुणी शिकवावं लागलं नाही. त्यांचं सोयाबीन उभंच्या उभं गेलं.

पुण्याच्या एका कार्यशाळेला दोन मिनिटांचा व्हिडिओ पाठवायचाय. स्क्रीन रेकॉर्ड करायची सोय विंडोजमध्येच असते हे त्याला ठाऊक होतं, म्हणजे निम्मं काम झालेलंच होतं. मोठी माणसंसुद्धा यासाठी कुठून कुठून क्रॅक केलेली सॉफ्टवेअरं उतरवतात आणि त्यासोबत व्हायरस घरात घेतात.

संध्याकाळी मशीन जोडली. विंडोजचं बटण आणि जी एकत्र दाबलं. एक्सबॉक्स गेम बार यायच्या जागी छोटी खिडकी आली: एमएस-गेमिंगओव्हरले ही लिंक उघडायला नवीन ॲप लागेल. खिडकी बंद केली तर गेम सुरू करताना पुन्हा तीच.

27 ऑक्टोबर, सोमवार

दोष सरळ आहे. बटणं ओळखायचं काम विंडोजचं, पण बटणांमागं उघडणारा गेम बार हे वेगळं ॲप. ॲप काढून टाकलं तरी बटणं ओळखली जातातच. मग विंडोज ॲप शोधतं, ते सापडत नाही, आणि बिचारं आपल्यालाच विचारतं की हे कशात उघडू.

ही मशीन जुनी घेतलेली. विकताना कुणीतरी ती "साफ" करून दिली. पॉवरशेलमध्ये एक ओळ टाकली की गेम बार उडतो, आणि अशा तयार ओळी एकाकडून दुसऱ्याकडे फिरत असतात. मशीन हलकी होते म्हणून करतात. थोडी होतही असेल. पण नावात गेम आहे एवढ्यावरून वस्तू फालतू ठरवणं मला पटत नाही. रेकॉर्डर, स्क्रीनशॉट, प्रत्येक ॲपचा वेगळा आवाज, प्रोसेसर-रॅमचा आलेख, एवढं सगळं त्यात आहे आणि त्याला वेगळा पैसा पडत नाही. विद्यार्थ्याच्या मशीनमधून तर ते काढूच नये.

इलाज म्हणजे मायक्रोसॉफ्ट स्टोअर उघडायचं, एक्सबॉक्स गेम बार शोधायचा, परत बसवायचा. स्टोअर उघडेना. ब्राउझर उघडला तर प्रत्येक साइटवर कनेक्शन सुरक्षित नसल्याचा इशारा. उजव्या कोपऱ्यात तारीख पाहिली: 2015 साल! साइटच्या प्रमाणपत्राला ठरावीक मुदत असते. मशीनच्या घड्याळानुसार ती मुदत अजून सुरूच झालेली नाही, मग नेट चालणार कसं?

म्हणजे गेम बारचा आजार मदरबोर्डावरच्या नाण्याएवढ्या सेलपाशी जाऊन पोचला. वीज बंद असताना घड्याळ चालू ठेवायचं काम त्या सेलचं.

28 ऑक्टोबर, मंगळवार

पोराला शाळा सुटल्यावर बोलावलं आणि काम त्याच्याच हातानं करून घेतलं. वायर काढ, पॉवरचं बटण काही सेकंद दाबून धर, केसच्या उघड्या पत्र्याला हात लाव, मग आत जा. सेलच्या कडेला धातूची छोटी पट्टी असते. ती नखानं बाजूला सारली की सेल आपोआप वर उडतो. त्याच्यावर सीआर2032 लिहिलेलं असतं. घड्याळाच्या दुकानात मिळतो. अक्षरांची बाजू वर ठेवून नवा बसवला. पट्टीवर हिरवट थर होता, तो खोडरबरानं घासून काढला. पोरगा श्वास रोखून घासत होता.

तारीख लावली, नेट जोडलं, स्टोअर लगेच उघडलं. गेम बार उतरायला चहा व्हायच्या आतलाच वेळ लागला. विंडोज आणि जी. स्क्रीन मंद झाली आणि वर पट्टी, कडेला खिडक्या. "आलं की!" म्हणून तो एवढ्यानं ओरडला की शेजारच्या झेरॉक्सवाल्या काकू डोकावून गेल्या.

वहीत त्याला क्रम लिहून दिला. क्लासच्या भिंतीवरही लावणार आहे, कारण सगळ्यांचं ॲप उडालेलं नसतं, बहुतेकांचं नुसतं रुसलेलं असतं. आधी सेटिंग्जमध्ये गेमिंग उघडून गेम बार चालू आहे का पाहायचं. मग सेटिंग्जमधल्याच ॲप्सच्या यादीत एक्सबॉक्स गेम बार, तिथं ॲडव्हान्स्ड ऑप्शन्स, तिथं रिपेअर. त्यानं भागलं नाही तरच रीसेट. रिपेअरमध्ये आपण लावलेल्या गोष्टी टिकतात, रीसेटमध्ये सगळं कोरं होतं. मग स्टोअरमधून अपडेट आणि मशीन बंद-चालू. रंगीत दिव्यांचे कीबोर्ड असतात त्यांच्यावर विंडोजचं बटण कुलूपबंद करायची सोय असते. खेळताना चुकून दाबलं जाऊ नये म्हणून ती दिलेली. हे मात्र सगळ्यात आधी तपासावं. नाहीतर माणूस सेटिंग्जमध्ये तासभर हिंडतो आणि चूक बोटाखालीच असते.

30 ऑक्टोबर, गुरुवार

आज रेकॉर्डिंगचं गोल बटण करडं. दाबलं जाईना.

पहिलं कारण त्याला मीच सांगितलं. नुसत्या डेस्कटॉपवर किंवा फाइल एक्सप्लोररमध्ये असताना गेम बार रेकॉर्डिंग करत नाही. तो एका वेळी एकाच ॲपची खिडकी धरतो. मला ही मर्यादा मुलांच्या बाबतीत उलट चांगली वाटते, कारण डेस्कटॉपवरचे घरचे फोटो, कागदपत्रांची नावं व्हिडिओत जात नाहीत. त्यानं गेम उघडला, तरी करडंच. गेम बारच्या सेटिंग्जमध्ये हा गेम आहे असं लक्षात ठेवायची खूण असते. घरी बनवलेला गेम विंडोजला कुठून माहीत असणार? ती खूण केली. तरी नाही. मग संदेश आला की रेकॉर्डिंगसाठी लागणारं हार्डवेअर या मशीनमध्ये नाही.

पोराचं तोंड उतरलं. नवं ग्राफिक्स कार्ड घ्यायचं म्हणजे यंदा घरात कुणाला विचारायचं?

पण संदेशावर लगेच विश्वास ठेवू नये. रेकॉर्डिंग करताना व्हिडिओ दाबून बारीक करायचं काम ग्राफिक्सची चिप करते. इंटेल, एनव्हिडिया, एएमडी, तिघांच्याही चिपमध्ये त्यासाठी वेगळा भाग असतो आणि बऱ्याच जुन्या चिपमध्येही तो आहे. फक्त त्या भागाशी बोलणारा ड्रायव्हर मशीनमध्ये हवा. डिव्हाइस मॅनेजर उघडला. डिस्प्ले ॲडॉप्टरखाली इंटेलचं नाव असायला हवं होतं, तिथं लिहिलेलं मायक्रोसॉफ्ट बेसिक डिस्प्ले ॲडॉप्टर. म्हणजे विंडोज नव्यानं टाकली आणि ग्राफिक्सचा ड्रायव्हर टाकायचा राहिला. स्क्रीन दिसते म्हणून कुणाच्या लक्षातही येत नाही, गेम मात्र अडखळत चालतो. इंटेलच्या साइटवरून त्या प्रोसेसरचा ड्रायव्हर उतरवला. मशीन पुन्हा चालू झाल्यावर अक्षरं एकदम रेखीव झाली आणि गोल बटण जागं झालं.

पाणीमहालाचं पाणी आता अडखळत नाही, सरळ चढतं. त्यानं ते केवढा वेळ नुसतं पाहिलं.

2 नोव्हेंबर, रविवार

कार्तिकी. आई पंढरपूरला गेलीय, क्लास बंद. पोराचा फोन, शेजारच्या काकाच्या मोबाइलवरून: रेकॉर्डिंग होतंय पण आवाज येत नाही. माइक गेम बारमध्ये वेगळा चालू करावा लागतो. विंडोज, ऑल्ट आणि एम. फोनवरच झालं.

4 नोव्हेंबर, मंगळवार

पोरानं क्लासमध्येच रेकॉर्डिंग करायचं ठरवलं, घरी विजेचा भरवसा नाही. विंडोज, ऑल्ट, आर दाबलं की सुरू, तेच पुन्हा दाबलं की बंद. गेम पूर्ण स्क्रीनवर असेल तर कधी पट्टी दिसत नाही, तरी ही बटणं चालतात. फाइल व्हिडिओजच्या फोल्डरात कॅप्चर्समध्ये पडते.

इथंही वीज गेलीच, आणि त्या वेळी इन्व्हर्टर आधीच दमलेला. रेकॉर्डिंग चालू असताना मशीन बंद पडली ती फाइल नंतर उघडेना. एमपी4 फाइलमध्ये कुठला भाग कुठं आहे याची अनुक्रमणिका बहुधा रेकॉर्डिंग थांबवताना लिहिली जाते. ती नसली की चित्र असून प्लेअरला सापडत नाही. आमच्या भागात शहाणपण एकच: लांबलचक एक रेकॉर्डिंग करू नये, छोटे छोटे तुकडे करावेत आणि मग जोडावेत. विंडोज चार तासांपर्यंत सलग रेकॉर्डिंग करू देते, पण महावितरणच्या तारेला ते ठाऊक नसतं.

नुकतंच घडलेलं मागं जाऊन साठवायची सोयही आहे. ती चालू असली की पार्श्वभूमीला सतत रेकॉर्डिंग चाललेलं असतं. चार जीबी रॅमच्या मशीनवर ती बंदच ठेवायला सांगितली.

दुपारी मराठीत निवेदन कसं करायचं यावर दोघांचं बोलणं झालं. तो आधी पाठ केलेलं इंग्रजी बोलत होता, गळ्यात अडकत होतं. म्हटलं, आजीला सांगतोस तसं सांग. मग म्हणाला, "हे पाणी बघा, आता ह्या पायरीला लागलंय, पुढच्या दमाला दुसऱ्या पायरीला लागतंय." तोच तुकडा ठेवला.

6 नोव्हेंबर, गुरुवार

बाकीच्या मुलांनी गेम बारमधली परफॉर्मन्सची खिडकी शोधून काढली. सीपीयू, जीपीयू, व्हीरॅम, रॅम यांचे आकडे आणि आलेख. ही खिडकी पिन करता येते, मग दुसऱ्या ॲपवरही ती दिसत राहते. एफपीएस दिसायला परवानगी द्यावी लागते आणि मशीन पुन्हा सुरू करावी लागते, एवढंच.

मी आज त्याचाच तास घेतला. ब्राउझरमध्ये एकेक टॅब उघडत जा आणि रॅमचा आलेख बघ. पुस्तकात वाचून मेमरी म्हणजे काय हे ज्यांच्या गळी उतरत नव्हतं, त्यांना चढती रेघ बघून उमगलं. शिराढोणच्या मुलीनं विचारलं की टॅब बंद केल्यावर रेघ लगेच खाली का येत नाही. उत्तर मी फळ्यावर लिहिलं नाही, तिला शोधायला लावलं. इतका चांगला प्रश्न परीक्षेच्या पेपरात कधी येत नाही.

क्लासच्या मशीनचा विषय मात्र मनातून जात नाही. 14 ऑक्टोबरला विंडोज 10चा नेहमीचा आधार संपला. आमची मशीन विंडोज 11च्या अटीत बसत नाहीत, प्रोसेसर जुने आहेत. सुरक्षेचे अपडेट आणखी एक वर्ष, 13 ऑक्टोबर 2026पर्यंत मिळायची योजना आहे, त्यासाठी मायक्रोसॉफ्टच्या खात्यानं नोंदणी करावी लागते. या आठवड्यात एकेक मशीनची ती नोंदणी करून घ्यायचीय.

7 नोव्हेंबर, शुक्रवार

व्हिडिओ गेला. दोन मिनिटांत बसवायला नर-मादीचा प्रसंग थोडा कापावा लागला, त्याला ते फार लागलं. पूर्ण व्हिडिओ पेनड्राइव्हवर घरी नेला. वडील न्यायला आले होते. क्लासच्या स्क्रीनवर त्यांनी उभ्यानंच पाहिला आणि विचारलं, "हे पाणी खाली कधी जातंय?" पोरगा म्हणाला, "अजून तेवढं केलं नाही, दादा. पुढच्या लेव्हलला दरवाजा उघडायचाय." मग दोघंही त्यावरच बोलत राहिले: दरवाजा कुठल्या बाजूला असावा, पाणी एकदम सोडलं तर खालच्या रानाचं काय होईल, थोडं थोडं सोडावं का. वडिलांनी बंधाऱ्याचं पाणी आयुष्यभर पाहिलंय, त्यांचं म्हणणं गेमपेक्षा बारीक होतं. पोरानं वही काढली आणि लिहून घेतलं.

येरमाळ्याच्या एका मुलीला टॅलीतल्या नोंदी बहिणीला शिकवायच्यात, तिनं विचारलं ते गेम बारनं रेकॉर्ड होईल का. होईल, टॅली हीही एक खिडकीच. सोमवारी तिची मशीन आणायला सांगितलंय.