प्रवरेकाठची ओस पांढरी

दसरा झाला की आमच्या वडवणी तालुक्यातील वस्त्या ओस पडू लागतात. मुकादमाची उचल घेतलेली जोडपी भांडी, कपडे, कोंबड्या आणि लहान मुले गाड्यांवर घालून फडाकडे निघतात. कोणी कोल्हापूर-सांगलीला जातो, कोणी कर्नाटकात, तर कोणी नगर जिल्ह्यात (आता अहिल्यानगर) प्रवरेच्या पट्ट्यात. प्रवरेचा पट्टा आमच्या माणसांना पाठ आहे. कोणत्या फडाला पाणी जवळ, कोणत्या रस्त्याला चढ, कोणत्या कारखान्यावर गाडी लवकर खाली होते, हे सारे ते सांगतील. परंतु त्याच उसाच्या रानाशेजारी सुमारे चार हजार वर्षांपूर्वी वसलेले एक गाव मातीखाली आहे, हे त्यांना कोणी सांगितलेले नाही. ते गाव म्हणजे श्रीरामपूर तालुक्यातील दायमाबाद.

शनिवार-रविवारला जोडून एक दिवसाची रजा टाकून आम्ही सहा जण तेथे गेलो. बरोबर दोन शाळकरी मुले होती, ऊसतोडीला जाणारे एक जोडपे होते, आणि ज्यांनी अर्धे आयुष्य गाडी सेंटरवर बैल हाकण्यात घालवले असे वस्तीवरील तात्या होते. बीड, गेवराई, शेवगाव करीत नेवाशाला पोहोचलो की प्रवरा भेटते. नेवासे हेही उत्खननाने प्रसिद्ध झालेले ठिकाण आहे, डॉ. ह. धी. सांकळिया यांनी १९५४ पासून तेथे खोदकाम केले. तेथून वरच्या अंगाला, प्रवरेच्या डाव्या तीरावर दायमाबादचे टेकाड आहे.

पाहायला गेलेल्या माणसाची प्रथम निराशाच होते. वेरूळसारखी लेणी नाहीत, देवगिरीसारखा किल्ला नाही. माती, काटेरी झुडपे, पायाखाली खापरे आणि पलीकडे नदी. मुलांनी विचारले, "गाव कुठे आहे?" आम्ही म्हणालो, "तुम्ही गावावरच उभे आहात."

या टेकाडात वस्तीच्या मातीचे सुमारे पाच मीटर जाडीचे थर आहेत. १९५८ साली भा. पु. बोपर्डीकर यांनी हे स्थळ शोधले. त्यानंतर भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण खात्याने येथे तीन वेळा उत्खनन केले. पहिले म. न. देशपांडे यांनी, दुसरे एस. आर. राव यांनी आणि १९७५ ते १९७९ या काळातील मोठे उत्खनन एस. ए. साळी यांनी. इसवी सनापूर्वी सुमारे २२०० पासून १००० पर्यंत माणसे येथे राहिली. पाच संस्कृतींचे अवशेष मिळाले. त्यांत सिंधू संस्कृतीच्या उत्तरकाळातील लोकही होते. त्यांच्या लिपीची चिन्हे असलेल्या मुद्रा येथे सापडल्या. हडप्पा-मोहेंजोदडो कोठे आणि प्रवरा कोठे! पण माणूस तेव्हाही चालत होता.

माळवा संस्कृतीच्या थरात, म्हणजे इसवी सनापूर्वी १६०० ते १४०० च्या सुमारास, येथे मातीचा मोठा चौथरा, त्यावर निरनिराळ्या आकारांची अग्निकुंडे आणि जवळच एका बाजूने अर्धगोल असलेली वास्तू सापडली. ही गावाची पूजाविधीची जागा असावी, असे उत्खनन करणाऱ्यांचे मत आहे. कोणता देव, कोणता मंत्र, हे माती सांगत नाही. मात्र गावाने मिळून काही करण्यासाठी एक जागा राखली होती, एवढे ती सांगते. त्यानंतरच्या जोर्वे काळातील लोक आपली मेलेली तान्ही बाळे घराच्या जमिनीखालीच पुरत. दोन मडकी तोंडाला तोंड लावून आडवी ठेवत आणि त्यात बाळ निजवत. हे ऐकल्यावर आमच्याबरोबरची बाई बराच वेळ बोलली नाही. आईचे दुःख समजायला लिपी लागत नाही.

आता दायमाबादचे नाव ज्यामुळे जगभर झाले ती गोष्ट. १९७४ साली छबू लक्ष्मण भिल्ल हे या टेकाडावर एका झुडपाचे मूळ खणत असताना त्यांना काशाच्या चार वस्तू लागल्या. दोन बैल जुंपलेला आणि उभा गाडीवान असलेला रथ, रेडा, हत्ती आणि गेंडा. चौघांचे मिळून वजन साठ किलोंहून अधिक. एकटा रथच सुमारे ४५ सेंटिमीटर लांब आहे. त्यांच्या वयाबद्दल विद्वानांत मतभेद आहेत, पण कारागिरीबद्दल नाहीत. आज या वस्तू मोठ्या शहरांतील संग्रहालयांची शोभा आहेत. मोठमोठ्या पदव्यांची माणसे टेकाडावर येऊन गेली, परंतु हा ठेवा लागला तो एका आदिवासी माणसाच्या हाताला. मुलांना रथाची गोष्ट सांगाल तेव्हा छबू लक्ष्मण भिल्ल हे नावही सांगा.

आम्ही रथाचे चित्र बरोबर नेले होते. तात्यांनी ते डोळ्यांजवळ धरून निरखले. म्हणाले, "जू आपलंच आहे. चाकाला आरे नाहीत, भरीव आहे. आपल्या टायरगाडीला तरी कुठं आरे असतात?" पुस्तकात वाचलेले आम्हाला जे दिसले नव्हते ते त्यांना एका नजरेत दिसले.

मग हे गाव उठले का? याचे उत्तर शिरूर तालुक्यातील घोड नदीकाठच्या इनामगावने अधिक स्पष्ट दिले आहे. १९६८ ते १९८३ या काळात डेक्कन कॉलेजने तेथे उत्खनन केले. त्यात डॉ. म. के. ढवळीकर यांचा मोठा वाटा होता. आधीच्या काळात तेथे चौकोनी, प्रशस्त घरे होती, पाण्याचा पाट होता, जवाचे पीक होते, प्रमुखाचे पाच खोल्यांचे घर आणि त्याशेजारी धान्याचे कोठार होते. इसवी सनापूर्वी १००० च्या सुमारास चित्र पालटले. चौकोनी घरांच्या जागी लहान गोल झोपड्या आल्या. शेती घटली, शिकार आणि गुरे-मेंढ्यांवर भिस्त वाढली. पाऊस कमी झाला हे याचे मुख्य कारण, असे ढवळीकरांनी मांडले. अखेर इसवी सनापूर्वी ७०० च्या सुमारास इनामगावही ओस पडले.

हे सांगताच ती बाई म्हणाली, "म्हणजे त्यांच्याही कोप्या झाल्या की!" फडावर पाल-चटयांच्या कोपीत सहा महिने काढणाऱ्या बाईचे हे बोलणे आहे.

असेच काहीसे अमेरिकेच्या नैर्ऋत्येकडील कोरड्या प्रदेशात घडले. तेथील मका पिकवणाऱ्या मूळ रहिवाशांना स्पॅनिश लोकांनी 'प्वेब्लो', म्हणजे गाव, यावरून नाव दिले. चाको नावाच्या दरीत त्यांनी इसवी सन ८५० ते ११५० या काळात शेकडो खोल्यांचे दगडी वाडे बांधले. त्यांच्याकडे ना चाक होते, ना बैल. छताच्या तुळया त्यांनी सत्तर-ऐंशी किलोमीटरवरील डोंगरांतून खांद्यांवर वाहून आणल्या. समारंभासाठी ते जमिनीत गोल खोली खणत. तिला 'किवा' म्हणतात. १२७६ ते १२९९ या काळात मोठा दुष्काळ पडल्याचे झाडांच्या खोडांतील वर्तुळांवरून सिद्ध झाले आहे. दुष्काळाबरोबर भांडणतंटेही होते. १३०० च्या आत मेसा वर्दे येथील कड्यांमधील घरे रिकामी झाली होती.

पुढे गोऱ्या प्रवाशांनी लिहून टाकले की हे लोक गूढरीत्या नाहीसे झाले. नाहीसे कसे होतील? होपी, झुनी आणि रिओ ग्रांदे नदीकाठचे प्वेब्लो आजही आहेत, आजही त्यांच्या किवात समारंभ होतात. होपी म्हणतात, पूर्वजांनी मागे ठेवलेली खापरे ही त्यांची पावले आहेत. १९९० साली अमेरिकेत कायदा झाला आणि संग्रहालयांत नेऊन ठेवलेल्या त्यांच्या पूर्वजांच्या अस्थी व पवित्र वस्तू त्यांना परत करणे भाग पडले. ज्यांची गावे, त्यांना विचारल्यावाचून त्यांचा इतिहास लिहिता येत नाही, हे तेथे मान्य झाले.

दायमाबादच्या लोकांचे वंशज कोण, हे असे नाव घेऊन सांगता येत नाही. उगाच वंश जोडण्याचा मोहही आपण धरू नये. परंतु गाव ओस पडले म्हणजे माणसे संपली असे नव्हे, ती चालू लागली एवढेच, ही गोष्ट आमच्या तालुक्याला कोणी शिकवायला नको. इतिहास राजवाड्यांचाच असतो असे ज्यांना शाळेत शिकवले गेले, त्यांनी हे टेकाड अवश्य पाहावे. येथे जव पेरणाऱ्याचा, मडके घडवणाऱ्याचा, तांबे ओतणाऱ्याचा आणि बाळ गमावलेल्या आईचा इतिहास आहे.

आणखी एक सांगणे आहे. आपल्या बहुतेक गावांशेजारी जुनी पांढरी असते. तिची माती शेतात टाकायला आणि घरे सारवायला गाड्या भरभरून नेली जाते. त्या मातीबरोबर खापरे, मणी, चुलीची राख, सारेच जाते आणि गावाचे एक-एक पान फाटत जाते. खापर दिसले तर ते खिशात घालू नका, जागचे हलवू नका. मुलांना दाखवा, जागा लिहून ठेवा, पुरातत्त्व विभागाला पत्र टाका. पत्राची एक प्रत ग्रामपंचायतीत द्या आणि तिच्यावर पोहोच घ्या. कार्यालयात काम करीत असल्याने पोहोचेची किंमत आम्हास ठाऊक आहे.

यंदा प्रवरेच्या पट्ट्यात जी मंडळी फडावर जातील, त्यांनी गाडी बंद असेल त्या दिवशी मुलांना घेऊन दायमाबादला जावे. मुलांना टेकाडावर उभे करावे आणि सांगावे, येथे हजार वर्षांहून अधिक काळ कष्टकरी माणसांचे गाव नांदत होते.