आयते बीळ

‘आयत्या बिळावर नागोबा’ ही म्हण मी भाच्याला उद्देशून उच्चारली खरी. परंतु उच्चारताक्षणीच तिच्या न्यायाविषयी मनात जो किंतु उत्पन्न झाला, तो केम स्थानकावर निरोप न घेता माझ्यासोबत गाडीत चढला.

भाचा खेळतो तो संगणकावरचा फुटबॉल २००६ सालचा, कोनामीचा ‘प्रो इव्होल्यूशन सॉकर ६’. परवान्याअभावी कोनामीने त्यात लिव्हरपूलचे बारसे ‘मर्सीसाइड रेड’ असे केले होते. आणि ज्यांना कोणी वेतन दिले नाही की मक्ता दिला नाही, अशा भाच्यासारख्या हौशी मंडळींनी रात्री जागवून खरी नावे, खरी बोधचिन्हे, इतकेच काय, पुढच्या हंगामांचे खेळाडूही त्या जुन्या खेळात आणून बसवले. खेळ एकाचा, बोधचिन्ह दुसऱ्याचे, कष्ट तिसऱ्याचे. यात नागोबा कोण?

वस्तुतः नाग वारूळ बांधीत नाही. कणकण माती वाहते ती वाळवी. श्रावणात बायका हळदकुंकू वाहतात ते नागोबाला, आणि तीच वाळवी घराच्या चौकटीला लागली की आपण रॉकेल शोधतो. कुंकवाचीही तीच कथा. कुंकू बनवणाऱ्या केममध्ये घरोघरी ओळखीचा असलेला त्याचा रंग तुळजापुरी एका पुडीत दिसला, म्हणून दुकानदाराला गाव विचारले, तर तो म्हणाला, “इथलंच, काका.” मला ते केमचेच वाटले, परंतु रंगाचा दाखला कोणत्या दप्तरात ग्राह्य धरतात?

शेतजमिनीवर १२ वर्षे उघड व अखंड कबजा राहिला, तर कायदा निदान कबजेदाराचे म्हणणे ऐकून घेतो. १९५७ चा प्रताधिकार कायदा मात्र संगणकाच्या आज्ञावलीला साहित्यात जमा करतो (आमच्या कित्येक कवींना हा मान मिळाला नाही) आणि लेखकामागे ६० वर्षे हक्क राखतो. तेथे वहिवाट चालत नाही. कोनामीने २०२१ मध्ये मालिकेचे नावच बदलून ‘ई-फुटबॉल’ केले, तरी जुन्या खेळावरची मालकी काही सुटत नाही.

एवढ्यावर भाच्याचा पक्ष मी जवळजवळ घेतलाच होता. इतक्यात ऑलिव्हर कान आठवला. आपले नाव आणि छबी दुसऱ्या एका संगणकीय खेळात परस्पर वापरली म्हणून तो जर्मन गोलरक्षक न्यायालयात गेला, आणि २००३ मध्ये हॅम्बुर्गला निकाल त्याच्या बाजूने लागला. भाचा म्हणतो, “मामा, आम्ही खरं नावच परत दिलं ना!” पण ज्याचे नाव, त्याला विचारले कोणी?

कुर्डुवाडी येईतो म्हण मागे घेतल्याचे भाच्याला कळवावे असे ठरत होते. आता ती नेमकी कोणावरून मागे घ्यायची, हेच उमजत नाही.