वाऱ्याचा अंदाज

गेल्या रविवारी दुपारी भुवनेश्वरच्या सरकारी घरात मुलाला माझ्या लहानपणीचा गोल्फचा खेळ दाखवीत होतो. निन्टेन्डोने १९८४ मध्ये काढलेल्या या खेळाचे प्रोग्रॅमिंग सातोरु इवाता यांनी केले होते; पुढे २००२ मध्ये तेच त्या कंपनीचे अध्यक्ष झाले. साताऱ्याला आमच्या टीव्ही गेमच्या एकाच कॅसेटमध्ये जे असंख्य खेळ कोंबलेले असत, त्यांत हाही होता.

आता तो संगणकावर रेट्रोआर्चमध्ये चालतो. (कॅसेट विकत घेऊन प्रत मी स्वतः काढली आहे, सरकारी नोकराला एवढी सावधगिरी लागतेच.) या एम्युलेटरची रचना मला आमच्या सेवेसारखी वाटते. पडदा, बटणे, आवाज सांभाळणारी चौकट एकच. जुन्या यंत्राची नक्कल करणारा 'कोअर' मात्र त्या चौकटीत हवा तो बसवायचा. या खेळासाठी नेस्टोपिया, मेसेन असे अनेक आहेत.

बटण तीनदा दाबायचे: फटक्याची सुरुवात, जोर आणि आघात. वाऱ्याची दिशा बाण दाखवतो, वेग आकडा सांगतो. पण त्या आकड्याने चेंडू किती सरकेल हे फटके वाया घालवूनच कळते. चिरंजीवांनी पळवाट काढली. फटक्याआधीची स्थिती जतन करायची, चेंडू कुठे जातो ते पाहायचे आणि पुन्हा मागे यायचे. वारा तोच राहतो. पाचव्या खेपेस चेंडू हिरवळीवर! मग त्याने सहज कोअर बदलला, तर जतन केलेले काही उघडेना. एका कोअरने नोंदवलेली स्थिती दुसऱ्याला वाचता येत नाही, हे सांगितल्यावर तो रुसला.

मला माझी एक बदली आठवली. १२ ऑक्टोबर २०१३ रोजी फायलिन चक्रीवादळ गोपाळपूरजवळ धडकले, तेव्हा मी गंजाम जिल्ह्यात होतो. ताशी २०० किलोमीटरचा वारा; पण हवामान खात्याने काही दिवस आधीपासून बजावले होते, म्हणून लाखो माणसे वेळेवर हलवता आली. वारा आपल्याला कळतो, असे मला तेव्हापासून वाटू लागले.

पुढची नेमणूक अंतर्भागातल्या डोंगराळ मुलखात झाली. वैशाखातला आठवडी बाजार. वायव्येला आभाळ काळे झालेले. एका म्हाताऱ्या दुकानदाराने येऊन विचारले, "सार, बाजार उठवू या का?" मी कार्यालयात फोन लावून इशाऱ्याचे पत्रक आले आहे का, ते विचारले. आले नव्हते. थांबा, म्हणालो. कालबैसाखीला दिवस लागत नाहीत. अर्ध्या तासात छपराचे पत्रे उडाले. भाजी विकणाऱ्या एका बाईच्या उजव्या हाताची दोन बोटे गेली. तिच्या मदतीच्या फाइलवर मंजुरीची सही माझीच आहे. म्हाताऱ्याने नंतर त्याबद्दल एक शब्दही काढला नाही.

मुलगा थोड्या वेळाने पहिल्या होलपासून खेळायला बसला. बाण डावीकडे होता. "बाबा, किती उजवीकडे मारू?" त्याने विचारले. मी म्हणालो, "मार, बघू."