प्रयागच्या गाडीत आत्या

पुणे–दानापूर गाडीत, जबलपूर सुटल्यावर

तीर्थरूप बाबांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

आत्या सुखरूप आहे. खाली ठेवायचा नाही ही तुमची ताकीद, म्हणून तांब्या पिशवीत घालून खिडकीजवळच्या खुंटीला टांगला. गाडी हलली की टकटक आपटायचा, तेव्हा मनमाडनंतर मांडीवर घेतला. मडकं दिलं नाहीत ते बरं केलंत, पुण्याच्या जिन्यावरच्या गर्दीत फुटलंच असतं. विमानात मात्र हाच तांब्या अडला असता. धातूच्या आतलं तपासणीच्या यंत्राला दिसत नाही, तिथे लाकडी डबा बरा, शिवाय मृत्यूचा दाखला आणि स्मशानाची पावती जवळ लागते. रेल्वेत कुणी हूं की चूं केलं नाही.

समोरच्या बाईंनी विचारलं, "पिशवीत देव आहेत का?" मी खरं ते सांगितलं. त्यांनी पाय वर घेतले. थोड्या वेळाने सासूच्या अस्थी नाशिकला रामकुंडात कशा सोडल्या ते आपणहून सांगत बसल्या. जेवणाचा डबा उघडताना मात्र पाठ केली. नर्मदेच्या पुलावर अख्ख्या डब्याने नाणी टाकली. आत्याने एकूण किती झाले ते विचारलं असतं.

आपली कन्या

दारागंज, प्रयागराज

तीर्थरूप बाबांस,
शि. सा. नमस्कार.

"बरोबर पुरुषमाणूस कोण?" हा गुरुजींचा पहिला प्रश्न. कोणी नाही म्हटल्यावर त्यांनी दर्भाचं पवित्रक माझ्याच बोटात घातलं आणि वही काढली. पणजोबा, आजोबा, तुम्ही, सगळे आहात. बाई एकही नाही. आत्याचं नाव मी हट्टाने लिहायला लावलं.

किल्ल्याजवळून नाव केली. आधी सांगितलेलं भाडं शेवटी निम्म्यावर आलं. यमुना हिरवट, गंगा मातकट. दोन्ही पाण्यांची शीव डोळ्यांना दिसते. तांब्याचं फडकं सोडलं तर वरच बोटाचं पेर आणि एक दाढ. लाकडावर जाळलं की हाडं अशी ओळखू येतात. लंडनच्या मामींची तिकडच्या रीतीने यंत्रात दळलेली पूड आली होती, तिच्यात मामी कुठे शोधायच्या? हाडं लगेच बुडाली. राख मात्र नावेच्या कडेला चिकटून राहिली, नावाड्याने वल्ह्याने पाणी मारून ती धुतली.

नावाडी गांधीजींची गोष्ट सांगत होता. त्यांच्या अस्थी 12 फेब्रुवारी 1948 रोजी इथेच सोडल्या, दिल्लीहून तिसऱ्या वर्गाच्या डब्यांच्या खास गाडीने आणून. एक कलश कटकच्या स्टेट बँकेत तसाच राहिला होता, तो इथे यायला 30 जानेवारी 1997 उजाडला. तुमच्या बँकेतल्या जुन्या मित्रांना विचारा, असल्या ठेवीला वारस लावतात का!

आता खरं सांगते. मी मूठभरच अस्थी सोडल्या. आत्याने तुमच्यादेखत सांगितलं होतं की मला मळ्यात टाका, वर आंबा लावा. प्रयाग हा तुमचा आग्रह. तिचा असता तर कऱ्हाडचा प्रीतिसंगम तिला पायाखालचा होता. नेहरूंनी 1954 च्या इच्छापत्रात हेच मागितलं होतं: मूठभर राख इथल्या गंगेत, तीही धर्मकृत्य म्हणून नव्हे, आणि बरीचशी विमानातून शेतांवर. 1964 साली तसं केलंही. तुमचं आणि आत्याचं, दोघांचं मन राखायला मला याहून चांगली वाटणी सुचली नाही.

तीर्थावर आणलेलं परत नेत नाहीत, असं म्हणून गुरुजी रागावले. दक्षिणा मात्र पूर्ण घेतली. घरात काही आणणार नाही, तेवढी काळजी करू नका. स्टेशनवरून थेट मळ्यात येईन. दादाला विहिरीच्या वरच्या अंगाला हात-दीड हात खड्डा काढून ठेवायला सांगा. कलम पायरीचं आणा, हापूस तिला कधीच आवडला नाही.

आपली कन्या